सौंदर्य, कला आणि रसिकता: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

नाटक, मैफल किंवा चित्रप्रदर्शन संपल्यावर बाहेर चहा घेताना काही प्रश्न हमखास निघतात आणि ‘ज्याची त्याची आवड’ या वाक्यापाशी येऊन विझतात. ते तिथे विझू नयेत असं मनापासून वाटतं, म्हणून ही उत्तरं. काही उत्तरं लांबली आहेत. त्या प्रश्नांवर हजार-दीड हजार वर्षं वाद चालू आहेत, ते दोन ओळींत उरकणं बरोबर नाही.

सौंदर्यशास्त्र म्हणजे काय? ते शिकून चित्र काढता येतं का?

नाही. त्यासाठी हात बसावा लागतो आणि तो रोजच्या रियाजानेच बसतो. सौंदर्यशास्त्राचे प्रश्न निराळे आहेत. ‘हे सुंदर आहे’ असं म्हणतो तेव्हा आपण वस्तूबद्दल बोलतो की स्वतःबद्दल? कला कशाला म्हणायचं? कलेतलं दुःख हवंहवंसं का वाटतं? युरोपात या शाखेला आजचं नाव बाउमगार्टन या जर्मन तत्त्वज्ञाने १७३५ साली दिलं. विचार मात्र फार जुना आहे. प्लेटोने आपल्या आदर्श राज्याबाहेर कवींना काढलं ते ख्रिस्तपूर्व चौथ्या शतकात, आणि आपल्याकडे भरताच्या नाट्यशास्त्राचा सहावा अध्याय संपूर्ण रसावर आहे.

आवड ज्याची त्याची असते. मग चांगलं-वाईट ठरवणारे समीक्षक कोण?

सर्वांत जास्त विचारला जाणारा प्रश्न हाच.

‘मला कारलं आवडतं’ असं कोणी म्हणालं तर आपण वाद घालत नाही. त्याला वाढतो आणि पुढे जातो. पण ‘कुमार गंधर्वांचं गाणं सुंदर आहे’ असं एकजण म्हणाला आणि दुसरा ‘छे, नुसते तुकडे’ असं म्हणाला, तर पहिल्याला स्वस्थ बसवत नाही. तो म्हणतो, ‘थांब, ही जागा पुन्हा ऐक. इथे स्वर सोडून दिलाय, आणि तो मधला रिकामा अवकाशसुद्धा रागातच आहे.’ दोन्ही वाक्यांत आवडच व्यक्त होते असं मानलं, तर ही धडपड निरर्थक ठरते. आणि ती निरर्थक आहे असं आपल्यापैकी कोणालाच खरोखर वाटत नाही.

इमान्युएल कांटने १७९० साली नेमकं याच पेचावर बोट ठेवलं. त्याचं म्हणणं थोडक्यात असं: एखादी गोष्ट ‘सुंदर’ आहे असं म्हणताना आपण इतरांच्या संमतीवर हक्क सांगतो, पण ती संमती मिळवून देणारा कुठलाही नियम आपल्याजवळ नसतो. ‘ज्या चित्रात निळा आणि गेरू जवळजवळ असतात ते सुंदर’ असा नियम करून कुणाला पटवता येत नाही. त्याला चित्रासमोर उभंच राहावं लागतं. दुसरी अट अशी, की हा आनंद स्वार्थनिरपेक्ष हवा. महाल पाहून ‘हा माझा असता तर’ किंवा ‘गरिबांच्या घामातून उभा राहिला’ असं वाटणं स्वाभाविक आहे, कदाचित योग्यही आहे, पण ते महालाच्या रूपाबद्दलचं उत्तर नाही.

मग समीक्षक करतो काय? तो दाखवतो. ‘इकडे बघ’, ‘हे त्याच्याशी ताडून बघ’, ‘ही ओळ मोठ्याने वाच’. समीक्षेतली कारणं गणितातल्या सिद्धतेसारखी नसतात, पण म्हणून ती कारणंच नव्हेत असं होत नाही. दाखवल्यावर दिसलं तर कारण लागू पडलं. नाही दिसलं, तर समीक्षकाने आणखी नीट दाखवायचं किंवा आपलंच मत तपासायचं. आवडीबद्दल वाद घालता येत नाही हे खरं, पण नजर शिकवता येते, आणि या पानावरच्या बहुतेक उत्तरांमागे हीच धारणा आहे.

डेव्हिड ह्यूमने १७५७ सालच्या आपल्या निबंधात ‘डॉन किहोते’ या कादंबरीतली एक गोष्ट सांगितली आहे. नायकाचा सेवक सांचो, त्याच्या घराण्यातल्या दोघांना पिंपातली दारू चाखायला देतात. एक म्हणतो उत्तम, पण किंचित चामड्याची चव आहे. दुसरा म्हणतो उत्तम, पण किंचित लोखंडाची चव आहे. सगळे हसतात. पिंप रिकामं होतं तेव्हा तळाशी चामड्याची वादी बांधलेली जुनी किल्ली निघते. दोघांची जीभ खोटं बोलत नव्हती, हसणाऱ्यांची जीभ कच्ची होती. अडचण एवढीच, की कलेच्या बाबतीत पिंप पूर्ण रिकामं होऊन किल्ली हाती लागण्याचा प्रसंग क्वचितच येतो.

म्हणजे सौंदर्य वस्तूतच असतं, असं म्हणायचं का?

मराठीत हे सर्वांत ठामपणे म्हटलं ते बा. सी. मर्ढेकरांनी. कवी म्हणून ते सगळ्यांना माहीत आहेत. ‘सौंदर्य आणि साहित्य’ या ग्रंथाला त्यांच्या निधनाच्या वर्षीच, १९५६ साली, साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला, हे मात्र कमी जणांना ठाऊक असतं. त्यांच्या मते कलाकृती म्हणजे लयबद्ध रचना. घटकांमधले संबंध तीन प्रकारचे: संवादलय, विरोधलय आणि समतोललय. रंग, स्वर, शब्द काहीही असो, सौंदर्य या संबंधांत असतं. चित्राचा विषय काय, त्यातून बोध कोणता, हे प्रश्न बाहेरचे.

संगीताला आणि अमूर्त चित्राला हा विचार बेमालूम बसतो. साहित्याशी आला की अडखळतो, कारण शब्दाला अर्थ चिकटलेला असतो आणि अर्थामागे सगळं जग येतं. मर्ढेकरांनाही हे दिसत होतं. म्हणून साहित्यापुरती त्यांनी ‘भावनिष्ठ समतानता’ ही कल्पना आणली: साहित्यातली लय भावनात्मक अर्थांच्या जुळणीतून उभी राहते. माझ्या मते त्यांच्या विचारातला हाच भाग सर्वांत जिवंत आहे. शुद्ध रूपाचा आग्रह धरणारा हा माणूस भाषेपाशी आल्यावर भावनेला दार उघडून देतो.

रस म्हणजे भावनाच ना? शृंगाररस म्हणजे प्रेम, करुणरस म्हणजे दुःख?

शाळेत असंच शिकवतात आणि तिथेच घोटाळा होतो. भरताच्या मते विभाव, अनुभाव आणि व्यभिचारी भाव यांच्या संयोगातून रसनिष्पत्ती होते. विभाव म्हणजे भावनेचं निमित्त, अनुभाव म्हणजे तिची दिसणारी खूण, व्यभिचारी म्हणजे येऊन-जाऊन असणारे भाव: चिंता, लाज, शंका वगैरे एकूण ३३. मुळाशी आठ स्थायी भाव आणि त्यांचे आठ रस. नववा शांतरस पुढे जोडला गेला. यात स्थायी भाव शोक आहे, पण रस करुण आहे. दोघांना वेगळी नावं द्यावीशी वाटली, यातच सगळं आलं.

पण ‘संयोग’ कसला आणि ‘निष्पत्ती’ कुठे? यावर भट्ट लोल्लट, श्रीशंकुक, भट्टनायक असे एकामागून एक टीकाकार भांडले. शंकुकाचा दृष्टांत मला फार आवडतो: चित्रातला घोडा पाहून आपण त्याला खरा घोडा समजत नाही, खोटा समजत नाही, खरा की खोटा अशा संशयातही नसतो, आणि घोड्यासारखं दुसरंच काही आहे असंही म्हणत नाही. तरी आपण ‘घोडा’ असंच म्हणतो. रंगमंचावरच्या रामाचंही तसंच. हा वाद ज्याने उंचीवर नेला तो काश्मीरचा अभिनवगुप्त, दहाव्या शतकाच्या उत्तरार्धातला आणि अकराव्याच्या आरंभीचा.

त्याने दिलेलं उदाहरण ‘शाकुंतल’च्या पहिल्या अंकातलं आहे. दुष्यंताचा रथ हरणामागे लागला आहे. कालिदास हरणाचं वर्णन करतो: ते पळता पळता मान सुरेख वळवून पुन्हा पुन्हा मागच्या रथाकडे बघतं. बाण लागेल या भीतीने शरीराचा मागचा भाग जणू पुढच्या भागात शिरतो. दमून तोंड उघडं पडलंय, त्यातून अर्धवट चावलेले दर्भ वाटभर सांडताहेत. उड्या इतक्या उंच, की ते जमिनीपेक्षा आकाशातूनच जास्त धावतंय.

आता हे भय कोणाचं? ‘मी घाबरलो’ म्हणावं, तर आपण खुर्ची सोडून पळत नाही. ‘हरीण घाबरलंय, मला काय त्याचं’ म्हणावं, तर घशात आवंढा का? दुष्यंत आपला शत्रूही नाही आणि मित्रही नाही. अभिनवगुप्त सांगतो, हे भय ‘माझं’, ‘त्याचं’, ‘आज’, ‘तिथे’ या सगळ्या बंधनांतून सुटलेलं असतं. भट्टनायकाने यालाच साधारणीकरण म्हटलं होतं. रोजच्या आयुष्यात भीती वाटली की आपण तिच्यापासून पळतो. इथे पहिल्यांदाच तिच्याकडे तोंड करून उभं राहता येतं, ती कशी असते हे बघता येतं. तोंडातून गळणाऱ्या त्या दर्भांकडे बघायला खऱ्या शिकारीत वेळ कोणाला असतो?

दुःखाची नाटकं पाहायला लोक पैसे देऊन का जातात?

‘नटसम्राट’ रंगमंचावर आलं १९७० साली. आप्पासाहेब बेलवलकरांची वाताहत पाहून लोक रडले, आणि ते दुःख पुन्हा बघायला परत गेले. अॅरिस्टॉटल म्हणाला असता, करुणा आणि भय जागं करून शोकांतिका त्या भावनांचं विरेचन करते. विरेचन म्हणजे नक्की काय, यावर त्याचे वाचक आजही एकमत नाहीत.

अभिनवगुप्ताचं उत्तर वर आलंच: शोक ‘माझा’ राहत नाही तेव्हा त्याचा आस्वाद घेता येतो. आस्वादात चित्त निर्विघ्नपणे स्थिरावतं, आणि हे स्थिरावणं म्हणजेच आनंद. वाल्मीकीबद्दलही तो हेच म्हणतो. क्रौंचवधानंतर जे श्लोकरूपाने बाहेर पडलं तो त्या मुनीचा खाजगी शोक नव्हे. तसं असतं तर दुःखी माणसाला श्लोक सुचलाच नसता.

पण सगळ्यांना हे पटलं नाही. बाराव्या शतकात गुजरातेत रामचंद्र आणि गुणचंद्र या जैन आचार्यांनी ‘नाट्यदर्पणा’त सरळ सांगितलं की रस सुखदुःखात्मक असतो. करुण, रौद्र, बीभत्स, भयानक हे दुःखच देतात. मग लोक बघतात का? कवीच्या आणि नटाच्या कौशल्याने चकित होऊन. या मतात प्रामाणिकपणा आहे. शेवटच्या अंकानंतर बाहेर पडताना जे वाटतं, त्याला निर्भेळ आनंद म्हणायला माझीही जीभ रेटत नाही. तरीही नुसतं कौशल्य बघायला कोणी पुन्हा तिकीट काढत नाही. मला अभिनवगुप्ताचं पारडं जड वाटतं, पण हा आक्षेप मनात ठेवूनच.

कला सुंदरच असली पाहिजे का?

नाही. भरताच्या आठांत बीभत्स आहेच. नामदेव ढसाळांचा ‘गोलपिठा’ वाचताना कोणी ‘किती छान’ म्हणत नाही, पण त्यातल्या भाषेचा नेमकेपणा नाकारताही येत नाही.

हुबेहूब जमलं की चित्र चांगलं, हे तरी खरं ना?

अजिंठ्याच्या पहिल्या लेण्यातला पद्मपाणी बोधिसत्त्व पाहा. शरीर त्रिभंगात झुकलेलं, उजव्या हातात निळं कमळ, पापण्या अर्ध्या मिटलेल्या. शरीरशास्त्राने तपासलं तर भुवया एका सलग धनुष्याकार रेषेत काढलेल्या आहेत, आणि तो भोवतीच्या माणसांपेक्षा इतका मोठा की प्रमाण बसतच नाही. उजेड एका बाजूने येतोय आणि दुसऱ्या बाजूला सावली पडलीय, असंही नाही. रंगाची छटा कडेला गडद करून गोलाई आणली आहे. पण ती भुवई, ती नाकाची रेषा आणि ती खाली उतरलेली दृष्टी एकत्र पाहिली, की भोवतीची सगळी गर्दी (माकडं, मोर, राजकन्या) त्या नजरेच्या शांततेला धार लावायला आहे हे जाणवतं. मर्ढेकरांचा विरोधलय पुस्तकात कळला नसेल, तर इथे कळतो. हुबेहूबपणा हे चित्रकाराजवळच्या अनेक साधनांपैकी एक साधन आहे, एवढंच.

मुतारीचं भांडं प्रदर्शनात ठेवलं तर तेही कला? मग काहीही कला होईल!

मार्सेल द्युशाँ या फ्रेंच कलावंताने १९१७ साली न्यूयॉर्कच्या एका प्रदर्शनासाठी दुकानातून आणलेलं चिनी मातीचं भांडं आडवं करून, ‘आर. मट’ अशी सही ठोकून पाठवलं. नाव ‘फाउंटन’. शुल्क भरणाऱ्या प्रत्येकाची कलाकृती मांडू अशी ग्वाही देणाऱ्या आयोजकांनी ते मांडलं नाही. मूळ भांडं हरवलं. आज संग्रहालयांत दिसतात त्या नंतरच्या प्रतिकृती.

१९६४ साली अँडी वॉरहॉलने साबणाच्या खोक्यांसारखी दिसणारी लाकडी खोकी मांडली, तेव्हा आर्थर दांतो या तत्त्ववेत्त्याने विचारलं: दुकानातलं खोकं आणि हे खोकं डोळ्यांना सारखंच दिसतं, तर फरक कुठून आला? त्याचं उत्तर: कलेचा इतिहास आणि त्यामागचा विचार यांच्या वातावरणातून. म्हणजे फरक नुसत्या डोळ्यांना दिसणारा नाही. मर्ढेकरांच्या लयसिद्धान्ताला ही खोकी चांगलीच अडचणीची आहेत.

‘काहीही कला होईल’ ही भीती मात्र अनाठायी आहे. कला ठरणं आणि चांगली कला ठरणं, हे दोन निवाडे आहेत. द्युशाँचा प्रश्न एकदा विचारून झाला. तोच शंभराव्यांदा विचारणारी मांडणी कला असेलही, पण कंटाळवाणी आहे असं म्हणायचा पूर्ण अधिकार आपल्याला आहे. कारण मात्र द्यायचं.

वारली चित्र, रांगोळी, गोधडी: ही कला की कारागिरी?

ही वाटणी अठराव्या शतकातल्या युरोपची आहे. चित्र, शिल्प, काव्य, संगीत यांना ‘ललित कला’ म्हणून वेगळ्या पंगतीत बसवलं गेलं ते तेव्हा. आपल्या चौसष्ट कलांच्या यादीत गायन-नर्तनाच्या शेजारी स्वयंपाक आहे, फुलांची आरास आहे, अत्तरं आहेत.

डहाणू, तलासरी, जव्हार भागात लग्नाचा चौक सवाशिणी लिहितात. गेरूने सारवलेल्या भिंतीवर तांदळाच्या पिठाचा पांढरा रंग, टोक चावून मऊ केलेली बांबूची काडी. मधोमध पालघाट देवी. धवलेरी, म्हणजे लग्न लावणारी बाई, गाणी म्हणते आणि चौकाशिवाय लग्न लागत नाही. हे ‘स्वार्थनिरपेक्ष’ पाहण्यासाठी काढलेलं नाही. ते एक काम करतं. कांटच्या चौकटीत ते अवघडून बसतं, आणि मला वाटतं दोष चौकटीचा आहे. १९७० च्या दशकात चित्रकार भास्कर कुलकर्णी कागद घेऊन वारली पाड्यांत गेले. गंजाडच्या जिव्या सोमा मशे यांनी लग्नाचा प्रसंग नसतानाही चित्रं काढायला सुरुवात केली आणि २०११ साली त्यांना पद्मश्री मिळाली. कागदावर आल्यावर ती कला ‘झाली’ असं म्हणणं हा भिंतीवर लिहिणाऱ्या बायकांवर अन्याय आहे. चौकाच्या किनारीतली त्रिकोणांची रांग नीट बघा. पांढरा त्रिकोण आणि मधली लाल जागा दोन्ही आकार म्हणून दिसतात. हे आपोआप होत नाही, कोणीतरी ठरवून केलेलं असतं.

कलेसाठी कला की जीवनासाठी कला?

मराठीत ही भांडणं ना. सी. फडके आणि वि. स. खांडेकर यांच्या नावाने प्रसिद्ध आहेत. परीक्षेतल्या निबंधांनी या प्रश्नाचा चोथा केला, तरी तो खोटा प्रश्न नाही. त्याला सर्वांत समंजस उत्तर रा. भा. पाटणकरांनी १९७४ सालच्या ‘सौंदर्यमीमांसे’त दिलं. सौंदर्य ही एकजिनसी कल्पना नाही, तिला दोन ध्रुव आहेत. एका टोकाला अलौकिकतावाद: कला स्वायत्त, तिचे निकष तिचेच. दुसऱ्या टोकाला लौकिकतावाद: कलेचा अनुभव जगण्याच्या इतर अनुभवांशी जोडलेला, म्हणून ज्ञान, नीती, भावना यांचे निकष तिला लागतात. आपला व्यवहार या दोन टोकांमध्ये हलत राहतो. रागसंगीत एका ध्रुवाकडे झुकतं, कादंबरी दुसऱ्याकडे. एकाच ध्रुवाला चिकटून सगळ्या कला समजून घ्यायला गेलं, की काहीतरी हातून निसटतं.

दलित साहित्याने हा प्रश्न आणखी टोकदार केला. शरणकुमार लिंबाळे यांनी १९९६ साली मांडलेला मुद्दा असा: आनंद हाच साहित्याचा निकष मानणारं सौंदर्यशास्त्र, वाचकाला अस्वस्थ करण्यासाठी लिहिलेल्या साहित्याला काय न्याय देणार? स्वातंत्र्य, समता, न्याय ही मूल्यं निकषांत का नसावीत? हा आक्षेप नुसता ‘आमचंही घ्या’ असा नाही. सहृदय म्हणजे कोण, हेच तो विचारतो. अभिनवगुप्ताच्या लेखी सहृदय म्हणजे काव्याच्या अभ्यासाने ज्याच्या मनाचा आरसा स्वच्छ झाला आहे तो. पण काव्याभ्यासाची संधीच शतकानुशतकं मूठभरांना असेल, तर त्या आरशात काय काय उमटायचं राहून गेलं? याचं उत्तर सौंदर्यशास्त्राला द्यावंच लागेल. नजर शिकवता येते असं म्हणणाऱ्यांना तर आधी, कारण शिकवणाऱ्यांच्या नजरेतही आंधळ्या जागा असतात.

नग्न चित्र म्हणजे अश्लीलच ना?

१९५४ साली मुंबईच्या जहांगीर कलादालनात अकबर पदमसी यांच्या ‘लव्हर्स’ या चित्रांवर अश्लीलतेचा खटला झाला आणि ते सुटले. मर्ढेकरांच्या कवितांवरही असा खटला झाला होता, तेही सुटले. विषय काय आहे यावरून अश्लीलता ठरत नाही, तो कसा हाताळला आहे त्यावरून ठरते, हे अशा प्रत्येक वेळी नव्याने समजावून सांगावं लागतं.

नक्कल अस्सलइतकीच हुबेहूब असेल, तर फरक काय पडतो?

हान व्हान मेगरेन या डच चित्रकाराने सतराव्या शतकातल्या व्हर्मीर या थोर डच चित्रकाराच्या नावाने चित्रं केली. १९३७ साली अब्राहम ब्रेडियस या नाणावलेल्या जाणकाराने त्यातल्या एकाला व्हर्मीरची सर्वोत्तम कृती म्हणून गौरवलं. युद्धानंतर त्याचा एक ‘व्हर्मीर’ नाझी नेता गोरिंगच्या संग्रहात सापडला, तेव्हा राष्ट्रीय ठेवा शत्रूला विकल्याचा आरोप टाळण्यासाठी त्याला कबूल करावं लागलं, की तो मीच काढलाय. पहाऱ्यात आणखी एक काढून दाखवावा लागला.

विशेष गोष्ट अशी, की आज ती चित्रं साध्या अभ्यासकालाही व्हर्मीरची वाटत नाहीत. जड पापण्यांचे ते चेहरे विसाव्या शतकातले आहेत हे लगेच दिसतं. चित्रं बदलली नाहीत. व्हर्मीरच्या नावावरून ही चित्रं वगळून उरलेली एकत्र पाहिल्याने बघणाऱ्यांचे डोळे बदलले. म्हणून ‘आज मला फरक दिसत नाही’ याचा अर्थ ‘फरक नाही’ असा होत नाही, हा नेल्सन गुडमन या अमेरिकन तत्त्वज्ञाचा मुद्दा मला बिनतोड वाटतो.

मराठीतून वाचायला सुरुवात कुठून करावी?

पाटणकरांचा ग्रंथ जाडजूड आहे आणि कांटवरचं विवेचन सावकाश वाचावं लागतं, पण ती भाषा कुठेही मुद्दाम अवघड केलेली नाही. मर्ढेकर आधी वाचले तर पाटणकर कोणाशी भांडताहेत ते कळतं. रसविचारासाठी ग. त्र्यं. देशपांडे यांचं ‘भारतीय साहित्यशास्त्र’ घ्या. त्यानंतर लिंबाळे वाचाच, तेही आधीच्या तिघांचे मुद्दे ताजे असताना. आणि प्रत्येक वेळी एक कविता, एक चित्र किंवा एखादी बंदिश समोर ठेवून वाचा. सिद्धान्त तिला लागू पडतो का, हे पानागणिक तपासता येतं.